काचेपलीकडचा माणूस

मुलांनो, तुमच्या बाई शिकवता शिकवता मध्येच गप्प होतात का? मी होते. दिवसातून किती वेळा, ते मोजायचं मी कधीच सोडून दिलंय. आमची शाळा घाटकोपरला. विमानतळावर उतरणारी विमानं पूर्वेकडून आली, की आमच्या डोक्यावरूनच जातात, आणि तीही इतकी खालून की पोटातली चाकं बाहेर आलेली दिसावीत. मग काय! शुद्धलेखनाचं अर्धं वाक्य तोंडातच राहतं. ‘राजूने बाजारातून...’ घुंऽऽऽ. मुलं पेन्सिली वर करून बसतात. विमान गेलं, की ‘...ताजी भाजी आणली.’ नव्या मुलांना पहिले चार दिवस याची गंमत वाटते. मग तीही मुकाट्याने पेन्सिल वर करायला शिकतात.

तेरा वर्षांपूर्वी माझ्या चौथीच्या वर्गात एक मुलगा होता. तो सगळ्यांच्या आधी पेन्सिल वर करायचा. आम्हां कुणालाच काही ऐकू आलेलं नसायचं आणि हा पठ्ठ्या तयार! “बाई, येतंय.” खरंच, आठ-दहा सेकंदांनी विमान यायचं. कधी म्हणायचा, “मोठं आहे हां, बाई.” तेही बरोबर निघायचं. बाकी अभ्यासात बेताचाच. गणित चालू असताना याची मान खिडकीकडे. मी त्याच्या प्रगतिपुस्तकात शेरा लिहिला : ‘वर्गात लक्ष नसते.’ खाली सहीसुद्धा लफ्फेदार केली. आता नाकारू कशी?

गेल्या वर्षी दिवाळीची सुट्टी लागायच्या आदल्या दिवशी तो शाळेच्या फाटकाशी उभा दिसला. ताडमाड उंच झालेला, दाढी राखलेली. “बाई, ओळखलंत का? मी रेकॉर्डिंगचं काम करतो. अंधेरीला. अजून असिस्टंटच आहे. तुम्ही या ना एकदा बघायला!” शेऱ्याचा विषय त्याने काढला नाही, मीच काढला. तर हसून म्हणतो, “बाई, तेव्हा खरंच नसायचं लक्ष.”

सुट्टीत एका दुपारी गेले मी. घाटकोपर ते अंधेरी आता मेट्रोने वीस-पंचवीस मिनिटांचं काम. २०१४ सालापर्यंत हाच प्रवास बसने दीड-दीड तास चालायचा, तुमच्या आईबाबांना विचारा. स्टुडिओ म्हटल्यावर माझ्या डोळ्यांपुढे मोठं फाटक, रखवालदार, नट-नट्यांच्या मोटारी असं काहीतरी होतं. प्रत्यक्षात एका जुन्या इमारतीचा तळमजला, शेजारी झेरॉक्सचं दुकान, बाहेर चपलांचा ढीग! आत शिरताना मात्र एकामागे एक अशी दोन जाड दारं. दुसरं दार बंद झालं आणि मुलांनो, काय सांगू, मुंबईच नाहीशी झाली. रिक्षा नाही, भोंगा नाही, विमान तर नाहीच. मी “अरे वा!” म्हटलं, तर माझाच आवाज मला परका वाटला. आपण घरात बोलतो तेव्हा आवाज भिंतींवर आपटून थोडा परत येत असतो, त्याची आपल्याला सवय असते. इथे भिंतींना कापडाचे जाड गादीसारखे तक्ते लावलेले. आवाज जायचा तो गायबच.

खोलीचे दोन भाग, मध्ये दुहेरी काच. काचेच्या अलीकडे मायक्रोफोन आणि गाणारा. पलीकडे दिवे लुकलुकणाऱ्या यंत्रांपुढे बसणारा, तो रेकॉर्डिस्ट, म्हणजे ध्वनिमुद्रक. दोघं एकमेकांना दिसतात, पण बोलायचं ते कानावरच्या हेडफोनमधून.

त्याने मला माइकपुढे बसवलं. “बाई, चौथीची एखादी कविता वाचा. तुम्ही पूर्वी वाचायचात ना, तशी.” मी पुस्तक उघडलं. कानात आवाज, “बाई, बांगड्या काढून ठेवता?” ठेवल्या. “घड्याळही.” तेही ठेवलं. मग त्याने एसी बंद केला. मला वाटलं आता सुरू करायचं, तर हा म्हणतो, “आता एक मिनिट काहीच बोलू नका. हलूही नका.” आणि त्याने चक्क एक मिनिट शांतता रेकॉर्ड केली!

कशाला, सांगा बरं? मलाही कळलं नव्हतं. तो म्हणाला, प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. वाचताना मध्येच खोकला आला, तर तो कापून टाकता येतो, पण तिथे नुसती मोकळी जागा ठेवली, तर ऐकणाऱ्याला एकदम खड्ड्यात पाय गेल्यासारखं वाटतं. म्हणून त्याच खोलीतल्या शांततेचा तुकडा तिथे जोडायचा. शांततेचं ठिगळ! इतकी वर्षं मी वर्गात “शांत बसा!” म्हणून ओरडतेय, पण शांतता ही जपून ठेवायची वस्तू असेल, हे माझ्या डोक्यात कधी आलं नव्हतं.

मी वाचलं. छान वाचलं, असं आपलं मला वाटलं. काचेपलीकडून आवाज आला, “बाई, तिसऱ्या ओळीतला ‘प’ फुटला.” तुम्ही आत्ता एक करा, तोंडापुढे तळहात धरून ‘म’ म्हणा, मग ‘प’ म्हणा. ‘प’ म्हणताना हातावर वाऱ्याचा झोत लागला ना? तोच झोत माइकवर आदळला, की फट् असा आवाज होतो. मग त्याने माइकपुढे मोज्याच्या कापडासारखी एक गोल जाळी लावली आणि मला चार बोटं मागे सरकवलं. पाच वेळा वाचून घेतलं माझ्याकडून! न रागावता, न कंटाळता. दर वेळी आधी “छान!” म्हणायचा आणि मग हळूच, “फक्त एकदा अजून.” चौथीत मी त्याच्याकडून शुद्धलेखन परत लिहून घ्यायचे, तेव्हा माझा सूर असा नसायचा, एवढं कबूल करते.

सुट्टी संपल्यावर मी हे सगळं वर्गात सांगितलं. मुलांनी बांगड्यांपाशी हसून घेतलं, मग एका मुलीने विचारलं, “बाई, गाण्याखाली गाणाऱ्याचं नाव असतं. काचेपलीकडच्या माणसाचं कुठं असतं?”

खरंच कुठं असतं हो?

जुन्या काळ्या तबकड्या तुमच्यापैकी कुणाच्या घरी असतील तर पाहा. त्यावर गाणं, गायक, कधी कवी, कधी संगीतकार आणि कंपनीचं चिन्ह, एवढंच. रेकॉर्डिस्टच्या नावाला जागाच नाही. एकट्या मुंबईत ही माणसं किती होऊन गेली! मालाडला १९३४ साली ‘बॉम्बे टॉकीज’ उभी राहिली, तिथे सावक वाच्छा हे ध्वनिमुद्रक होते. पुढे १९४३ साली गोरेगावात ‘फिल्मिस्तान’ निघालं, ते काढणाऱ्या मंडळींत हेच वाच्छा होते. बोलपटांच्या सुरुवातीच्या काळात नट-नट्यांना कॅमेऱ्यापुढेच गावं लागायचं आणि साथ करणारे झाडामागे लपून वाजवायचे. एखादा कावळा ओरडला, की पुन्हा पहिल्यापासून! परळच्या ‘राजकमल’मध्ये मंगेश देसाई होते. संवाद, गाणं, पावलांचा आवाज, पाऊस हे सगळं योग्य मापात एकत्र करण्यात त्यांचा हात असा बसलेला, की साक्षात सत्यजित राय आपल्या चित्रपटांच्या ध्वनीचं हे काम त्यांच्याकडून करून घ्यायला कलकत्त्याहून मुंबईला येत. पण मला तुम्हाला सांगायचंय ते आणखी एका माणसाबद्दल. त्याने पुस्तक लिहून ठेवलं म्हणून बरं, नाहीतर त्याचं हे काम फार थोड्यांना माहीत असतं.

गोविंदराव जोशी, म्हणजेच जी. एन. जोशी. जन्म १९०९ सालचा. विदर्भातला, नागपुरात शिकलेला हा तरुण वकील झाला, पण जीव सगळा गाण्यात. मेहकरचे कवी ना. घ. देशपांडे यांची ‘शीळ’ ही कविता त्यांनी गायली, तिची तबकडी निघाली आणि घरोघरी पोचली. मराठी भावगीत रुजवणाऱ्यांत त्यांचं नाव घेतात ते यासाठी. त्या काळी त्यांच्याबरोबर युगुलगीतं गायलेली एक मुलगी होती, तबकडीवर तिचं नाव ‘गांधारी हनगल’. याच पुढे गंगूबाई हनगल झाल्या, बरं का!

म्हणजे नाव झालेलं होतं, वकिली हाताशी होती. आणि १९३८ साली या गृहस्थांनी एचएमव्ही कंपनीत नोकरी धरली. गायची नव्हे, दुसऱ्यांचं गाणं रेकॉर्ड करून घ्यायची! स्वतः माइकपुढून उठून काचेपलीकडे जाऊन बसले. तीस वर्षांहून जास्त काळ तिथे होते.

तुम्ही म्हणाल, यंत्राची कळ दाबायला वकील कशाला हवा? कळ दाबणारा रेकॉर्डिस्ट वेगळा असे. जोशींचं काम होतं, कोणाचं गाणं घ्यायचं, त्यातलं कोणतं घ्यायचं, किती घ्यायचं, साथीला कोण बसवायचं, हे ठरवण्याचं. आणि सगळ्यांत अवघड म्हणजे त्या गवयाला ‘हो’ म्हणायला लावण्याचं! इंग्रजीत याला ‘रेकॉर्ड प्रोड्यूसर’ म्हणतात. सिनेमाचा निर्माता पैसे घालतो. हा मुख्यतः कान घालतो आणि आपला वेळ.

त्या वेळची अडचण समजून घ्या. जुनी तबकडी मिनिटाला ७८ फेरे घ्यायची आणि तिच्या एका बाजूवर गाणं मावायचं जेमतेम तीन-सव्वातीन मिनिटांचं. तीन मिनिटांत किती फेरे झाले? करा गुणाकार. २३४. एवढ्या फेऱ्यांत सगळं संपलं पाहिजे. आणि आपले मोठे गवई एक राग तासभर गाणारे! तुम्हाला कुणी सांगितलं, मे महिन्यात गावाला केलेली सगळी मजा तीन मिनिटांत सांगा आणि मग गप्प बसा, तर कसं वाटेल? आणि चूक झाली तर मधलं कापून टाकायची सोय नाही. टेप येण्याआधी गाणं जाड मेणाच्या चकतीवर सुईने कोरलं जायचं. ती चकती वाजवून पाहायचीही चोरी, कारण वाजवली की खराब! शेवटच्या तानेत एकाला ठसका लागला, की ती चकती बाद, नवी घ्या, परत सुरुवात. मग त्या मेणावरून धातूचा साचा करायचा आणि साच्यावरून तबकड्या छापायच्या. छापायच्या कशाच्या, माहीत आहे? लाखेच्या! बांगड्यांना वापरतात ना, तीच लाख, दगडाच्या भुकटीत कालवून. म्हणून तर तबकडी हातातून पडली की काचेसारखी फुटायची.

त्याच्याही आधीची एक गंमत सांगते. आपल्या देशात पहिलं मोठं ध्वनिमुद्रण झालं १९०२ साली, कलकत्त्याला. गौहरजान नावाच्या प्रसिद्ध गायिका गायल्या. गाणं संपता संपता त्या मोठ्याने इंग्रजीत आपलं नाव सांगायच्या. का? त्या चकत्या बोटीने जर्मनीला जायच्या, तिथे तबकड्या तयार व्हायच्या. तिथल्या कारागिरांना आपलं गाणं कुठून ओळखू येणार? निदान नाव तरी कळावं! आमच्या वर्गातली मुलं हे ऐकून इतकी खूश झाली, की आठवडाभर पाढे म्हणून झाल्यावर स्वतःचं नाव ओरडत होती.

तर जोशींना अशा गवयांना तीन मिनिटांत बसवायचं होतं. काहींना यंत्राचा रागच यायचा. हातात घड्याळ घेऊन कुणी समोर बसलंय आणि दिवा लागला की थांबायचं, हा त्यांना अपमान वाटे. तिथे अधिकाऱ्याचा रुबाब चालला नसता. जोशी स्वतः गाणारे, त्यामुळे आलाप कुठे आवरता येईल आणि कुठे हात लावायचा नाही, हे त्यांना कळत असे. पुढे मोठी तबकडी आली, एलपी. तिच्या एका बाजूवर वीस-बावीस मिनिटं मावायची. उस्ताद अमीर खाँ यांचं गाणं म्हणजे अतिशय संथ, एकेका स्वरावर रेंगाळणारं. ते रेकॉर्डिंगला सहजासहजी तयार होत नसत. जोशींनी पुन्हा पुन्हा विचारत चिकाटीने त्यांना राजी केलं. १९६०च्या सुमारास निघालेली त्यांची मारवा आणि दरबारी या रागांची एलपी आजही गाणं शिकणारी माणसं कान देऊन ऐकतात. आपल्याला ‘नाही’ ऐकलं की एका वेळेत राग येतो. मला तर येतोच.

आणि १९६७ साली? संतूर तेव्हा मैफिलीत नवंच होतं. ते वाजवणारे शिवकुमार शर्मा, बासरीवाले हरिप्रसाद चौरसिया, गिटारवर राग वाजवणारे ब्रिजभूषण काब्रा, तिघंही तिशीच्या आतबाहेरचे. तबल्याला माणिकराव पोपटकर. या तरुणांना एकत्र बसवून ‘कॉल ऑफ द व्हॅली’ नावाची तबकडी निघाली. काश्मीरच्या खोऱ्यातल्या एका मेंढपाळाचा पहाटेपासून रात्रीपर्यंतचा दिवस नुसत्या वाद्यांतून सांगायचा! पहाटेला अहिर भैरव, उत्तररात्रीला पहाडी. शब्द एकही नाही. ही तबकडी जगभर गेली. निर्माते होते जी. एन. जोशी. तेव्हा ते साठीकडे आले होते आणि विशीतल्या-तिशीतल्या वादकांकडून त्यांनी असं काही करून घेतलं. १९९४ साली ते गेले. त्यांचं मराठी पुस्तक ‘स्वरगंगेच्या तीरी’ एखाद्या वाचनालयात मिळालं, तर बाबांना आणायला सांगा. तुम्हाला थोडं जड जाईल, पण माणसांचे किस्से वाचून दाखवता येतील.

आता दुसरी बाजू. उस्ताद अल्लादिया खाँ हे जयपूर घराण्याचे मोठे गुरू. १९४६ साली मुंबईतच वारले. त्यांच्या गाण्याची एकही तबकडी निघाली नाही. ते कसे गात, हे आता त्यांच्या शिष्यांच्या गाण्यावरून ताडायचं, एवढंच. त्यांच्या शिष्या केसरबाई केरकर, गोव्यातल्या केरी गावच्या. त्यांच्या गाण्याच्या तबकड्या निघाल्या. त्यातली साडेतीन मिनिटांची भैरवी १९७७ साली व्हॉयेजर यानांवर ठेवलेल्या सोनेरी तबकडीत घातली गेली. पृथ्वीवर माणसं राहतात आणि ती अशी गातात, हे कुणा दूरच्याला कळावं म्हणून. व्हॉयेजर-१ निघालं ५ सप्टेंबरला आणि १६ सप्टेंबरला केसरबाई गेल्या. ते यान आता सूर्यापासून २४०० कोटी किलोमीटरहूनही लांब आहे. शिष्येचा आवाज तिथे, आणि गुरूंचा आवाज? इथेही नाही.

हे वर्गात सांगताना मी मध्येच गप्प झाले. विमान नव्हतं आलेलं. मला माझी आजी आठवली.

ही गोष्ट मी कुणाला सहसा सांगत नाही, पण तुम्हाला सांगते. मी दहा वर्षांची होते. आम्ही तेव्हाही घाटकोपरलाच, चाळीत राहायचो. आजी कोकणातली, जात्यावरच्या ओव्या तिला किती यायच्या याला गणतीच नव्हती. माझ्या काकांनी नवा टू-इन-वन घेतला, तेव्हा आजीला खिडकीशी बसवून एक अख्खी कॅसेट भरून तिच्या ओव्या रेकॉर्ड केल्या. काका हुशार. कॅसेटच्या पाठीवर दोन कोपऱ्यांत प्लास्टिकच्या दोन चिमुकल्या पट्ट्या असतात. त्या मोडल्या, की रेकॉर्डचं बटण दाबलंच जात नाही, म्हणजे चुकूनही वर दुसरं काही भरलं जात नाही. काकांनी त्या मोडून ठेवल्या होत्या.

मला रेडिओवरची सिनेमाची गाणी भरून घ्यायची होती. कोरी कॅसेट नव्हती. त्या भोकांवर चिकटपट्टी लावली की बटण दाबता येतं, हे मला वर्गातल्या मैत्रिणीने सांगितलं होतं. लावली. म्हणजे चुकून झालं, असं मला म्हणताही येत नाही. दोन दुपारी बसून मी दोन्ही बाजू भरून काढल्या.

घरात कळलं तेव्हा काकांनी मला हातसुद्धा लावला नाही. नुसते बघत राहिले. आजी म्हणाली, “जाऊ दे रे, मी आहे ना अजून. परत म्हणेन.” मग परीक्षा आल्या, मग गणपती आले, मग टू-इन-वनचं काहीतरी बिघडलं. पुढच्या पावसाळ्यात आजी गेली.

कॅसेट मी ठेवून दिली होती. एका बाजूच्या शेवटी, माझं गाणं संपल्यानंतर, थोडी पट्टी भरायची राहून गेली होती. तेवढ्यात आजी आहे. पण ओवी नाही! ओवी संपलीय, ती खोकते आणि काकांना विचारते, “झालं काय रे?” बस. मी ती कॅसेट माझ्या त्या विद्यार्थ्याकडे नेऊन दिली. म्हटलं, बघ काही वाचतंय का.

पंधरा दिवसांनी त्याने फोन केला. “बाई, अकरा सेकंदं आहेत. खरखर काढलीय थोडी, सगळी नाही काढली. सगळी काढली तर आजींचा आवाज पातळ होतो.” मी ऐकलं. पुन्हा ऐकलं. तो म्हणाला, “बाई, मागचं ऐकलंत?” मला काहीच ऐकू येत नव्हतं. “शेवटी, अगदी बारीक. विमान येतंय.”

मग हेडफोन लावून ऐकलं, तेव्हा मलाही आलं.

पालकांनो, या मुलाची आई मला मध्यंतरी बाजारात भेटली. म्हणाली, “बाई, हा रात्री दोन-दोन वाजता घरी येतो. पगाराचा नियम नाही. कधी काम आहे, कधी नाही. याचं पुढं कसं होणार?” मला उत्तर देता आलं नाही. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये पदवीनंतर ध्वनीचं शिक्षण मिळतं, कलकत्त्याच्या सत्यजित राय संस्थेतही मिळतं. जागा थोड्या असतात, हे खरं. बाकीचे त्याच्यासारखे, कुणाच्या तरी हाताखाली वायरी गुंडाळत शिकणारे. सध्या त्याला मोठ्या यंत्रापुढे बसायला मिळतं ते उस्ताद घरी गेल्यावर. एवढं मात्र मी तिला सांगितलं, की त्याचं लक्ष आहे. चौथीतही होतं. माझ्या शेऱ्यावर जाऊ नका.

आणि मुलांनो, आमच्या वर्गाचा सध्या एक उद्योग चालू आहे. प्रत्येकाने घरातल्या मोठ्या माणसाचा तीन मिनिटांचा आवाज मोबाईलवर रेकॉर्ड करून आणायचा. गाणं, गोष्ट, गावाचं वर्णन, काहीही. आधी विचारायचं, चोरून नाही. पंखा बंद करायचा. आधी अर्धं मिनिट शांतता रेकॉर्ड करायची. आणि शेवटी बोलणाऱ्याने गौहरजानसारखं आपलं नाव सांगायचं. आत्तापर्यंत एकोणीस आले आहेत. चार जणांच्या मागे कुकरच्या शिट्ट्या आहेत, एकाची आजी पूर्ण तीन मिनिटं “बंद कर आधी ते!” एवढंच म्हणतेय आणि शेवटी नाव मात्र ठणठणीत सांगतेय.

तो ‘नाव कुठं असतं’ विचारणारी मुलगी काल हिरमुसून आली. तिचे आजोबा गिरणीत होते, संप झाला तेव्हाच्या गोष्टी त्यांना पाठ आहेत. ते ‘नाही’ म्हणाले. मी तिला अमीर खाँसाहेबांची आठवण करून दिली.

“किती वेळा विचारलं होतं त्यांना?” तिने विचारलं.

मला आकडा सांगता आला नाही. ती म्हणाली, आज संध्याकाळी चहाच्या वेळी परत विचारते, तेव्हा ते जरा बऱ्या मूडमध्ये असतात.